फक्त बॅकग्राउंड राहिलंय : मराठी चित्रपट निर्मात्यांना खुलं पत्र

मराठी चित्रपट निर्माते मंडळींना,

सप्रेम नमस्कार.

तुमच्यापैकी बऱ्याच जणांबरोबर मी काम केलं आहे. काहींचा शेवटचा हप्ता अजून यायचाय, पण हे पत्र त्यासाठी नाही. त्याचे फोन वेगळे चालू आहेत. मी चित्रपटांचं पार्श्वसंगीत करतो. गाणी करत नाही, त्यामुळे माझं नाव तुमच्या म्युझिक लाँचच्या पत्रिकेवर नसतं आणि घरच्यांनाही मी नक्की काय करतो हे अधूनमधून सांगावं लागतं.

तुमचा फोन साधारण असा येतो : "पिक्चर तयार आहे, फक्त बॅकग्राउंड राहिलंय." तोवर प्रदर्शनाची तारीख जाहीर झालेली असते, पोस्टर फिरत असतं, गाणी यूट्यूबवर चढलेली असतात आणि मिक्सिंगचा, म्हणजे संवाद, आवाज आणि संगीत एकत्र बसवायचा, स्टुडिओ बुक असतो. या सगळ्यात जी फट उरते तेवढ्यात दोन तासांच्या चित्रपटासाठी तासाभराहून जास्त संगीत रचायचं, वाजवून घ्यायचं, दिग्दर्शकाला ऐकवायचं, बदलायचं आणि मिक्सिंगला धाडायचं. पैशांचंही तेच. पाऊस लागून दोन दिवस फुकट गेले, नायिकेच्या तारखा सरकल्या, जनरेटरचं बिल वाढलं, की खड्डा बुजवायला पहिला हात आमच्या रकमेला लागतो. आम्ही शेवटच्या पंगतीचे, जे उरेल ते पानात पडणार.

तुमची अडचण मला दिसते. थिएटर मिळत नाही, मिळालं तर शो दुपारी बाराचा. सॅटेलाइटचा, म्हणजे टीव्ही हक्कांचा, भाव पडला, ओटीटीवाले महिनोनमहिने उत्तर देत नाहीत. गाण्यांचे हक्क विकून चार पैसे आधी हाती येतात, पार्श्वसंगीताचे आधी काहीच येत नाहीत. म्हणून मानधन वाढवा ही माझी पहिली मागणी नाही. पहिली मागणी फुकटातली आहे. आम्हाला शूटिंगच्या आधी बोलवा. पटकथा पक्की झाली की, लोकेशन ठरवायला निघण्यापूर्वी.

"शूटिंगच्या आधी तुम्ही काय वाजवणार?" असं मला एका निर्मात्याने हसत विचारलं होतं. काहीच नाही. कुठे वाजवायचं नाही, हे ठरवणार.

हे मराठी सिनेमाला नवं नाही. 1937 साली पुण्यात प्रभातने 'कुंकू' केला. दिग्दर्शक व्ही. शांताराम, संगीत केशवराव भोळे यांचं. त्या चित्रपटाला आज आपण म्हणतो तसं पार्श्वसंगीतच नाही. जे ऐकू येतं ते त्या घरातलं, त्या गल्लीतलं. म्हाताऱ्या नवऱ्याच्या घरातलं भिंतीवरचं घड्याळ तर जवळपास एक पात्रच आहे. बोलपट येऊन जेमतेम सहा वर्षं झाली होती, आवाजाची यंत्रं अवजड होती, आणि तरी ही माणसं ठरवून वाद्यवृंद बाजूला ठेवतात. असा निर्णय एडिटिंगच्या टेबलावर होत नाही. घड्याळावर कथेचा भार टाकायचा तर ते घड्याळ पटकथेत लागतं, सेटवर लागतं, कॅमेऱ्यासमोर लागतं.

अलीकडचं उदाहरण 'फँड्री'चं. आलोकनंदा दासगुप्ता यांचं त्याचं पार्श्वसंगीत मला फार आवडतं. पण त्या चित्रपटात सगळ्यात खोल रुतणारं संगीत त्यांनी रचलेलं नाही. डुकराच्या मागे धावताना शाळेतून राष्ट्रगीत सुरू होतं आणि नायक जब्याचं कुटुंब जागच्या जागी थबकतं. ते संगीत कॅमेऱ्यासमोरच घडतं, मागाहून टाकलेलं नाही. आता कल्पना करा, तिथे कुणी शेवटच्या आठवड्यात खाली व्हायोलिनं पसरली असती तर काय उरलं असतं?

उशिरा बोलावलेला संगीतकार फक्त भर घालू शकतो. त्याच्या हातात जो कट, म्हणजे एडिट केलेला चित्रपट, येतो त्यात शांततेची सोयच केलेली नसते. विहिरीवरचा रहाट, एसटी सुटताना कंडक्टरची दोरी, दुपारच्या वाड्यातली कबुतरं, यातलं काहीही लोकेशनवर नीट रेकॉर्ड झालेलं नसतं, कारण कुणी सांगितलंच नाही की याची गरज पडेल. मग संवाद संपला की ट्रॅकवर पोकळी. ती पोकळी तुम्हाला खुपते, तुम्ही म्हणता "इथे काहीतरी टाका", आणि आम्ही टाकतो. असं करत करत पहिल्या फ्रेमपासून शेवटच्या फ्रेमपर्यंत संगीत वाहत राहतं आणि समीक्षक लिहितात, पार्श्वसंगीत अंगावर येतं. बरोबरच लिहितात. आधी भेटलो असतो तर मी तुमच्या साउंड रेकॉर्डिस्टला एवढंच सांगितलं असतं की शूट संपल्यावर अर्धा तास थांब, आणि रहाटाचा आवाज घेऊन ये. अर्ध्या तासात माझे पाच क्यू, म्हणजे संगीताचे पाच तुकडे, वाचले असते.

कामाचा एक नमुना उलगडून दाखवतो, कारण माझ्या खोलीत येऊन बसलेला निर्माता विरळा. एक म्हातारा शेतकरी बँकेची नोटीस वाचतो. माझ्याकडे आलेल्या कटमध्ये त्याने पाकीट फोडलं रे फोडलं की व्हायोलिन सुरू होत होतं. मी दिग्दर्शकाला म्हटलं, वाचताना काही नको. त्याला ते धड वाचताही येत नाहीये, बोट ओळीखाली सरकतंय, गोठ्यात म्हैस ओरडतेय, तेवढं पुरे. वाचून झाल्यावर तो कागदाची घडी करून टोपीत ठेवतो. खिशात नाही, टोपीत. तिथे सारंगीचा एकच स्वर धरू, खालच्या सप्तकातला. मग सून चहा घेऊन येते आणि तो तिच्याकडे बघून काही झालंच नाही असं हसतो. त्या हसण्यावर सम, म्हणजे तालाची पहिली मात्रा.

लय धरली 72 बीपीएम, म्हणजे मिनिटाला 72 मात्रा. सिनेमा सेकंदाला 24 फ्रेमनी चालतो, म्हणजे या लयीत एक मात्रा बरोबर 20 फ्रेमची. टोपीपासून हसण्यापर्यंत 320 फ्रेम होत्या. सोळा मात्रा. तीनतालाचं एक आवर्तन नेमकं बसेल एवढी जागा, असं नशीब रोज उघडत नाही. सारंगीवाले बुवा येऊन वाजवून गेले. दिग्दर्शकाने डोळे पुसले, मीही त्या दिवशी लवकर घरी गेलो.

मिक्सिंगच्या दिवशी पडद्यावर पाहतो तर म्हातारा हसून मोकळा झालेला, सुनेची पाठ दिसतेय, आणि मग सम. लॉक झालेला, म्हणजे आता बदलायचा नाही असं ठरलेला, कट कुणीतरी उघडून मधल्या 30 फ्रेम काढल्या होत्या. सव्वा सेकंद. तुमच्या हिशेबात काहीच नाही, माझ्या हिशेबात दीड मात्रा. कापणं चुकीचं होतं असंही नाही, प्रसंग खरं तर घट्ट झाला होता. पण मला कुणी कळवलं नव्हतं. बुवा गावी गेलेले, हातात चार तास. संगणकावर तो लांब स्वर दाबून कमी वेळात बसवला. सारंगी दाबली की ती सारंगी राहत नाही, चुकून दाराखाली सापडलेल्या मांजरासारखी ओरडते. तसाच तो चित्रपट लागला. कट उघडायचा तर जरूर उघडा, चित्रपट तुमचा आहे. फक्त एक फोन करा आणि दोन दिवस द्या.

या प्रसंगात मुळात व्हायोलिन कुठून आलं, हेही सांगायला हवं. ते एडिटरने तात्पुरतं लावलेलं होतं, कुठल्यातरी परदेशी चित्रपटातून उचललेलं. एडिटर तरी काय करणार? संगीतकार ठरलेला नाही, दिग्दर्शकाला कट तर दाखवायचाय. मग दोन-तीन महिने सगळे तोच कट त्याच संगीतासकट पुन्हा पुन्हा पाहतात. कापाकापी त्याच्या लयीवर होते, तुम्ही वितरकाला दाखवता तेही त्याच्यासकट. माझी पाळी येते तेव्हा मागणी असते : "हेच पाहिजे, पण वेगळं." म्हणजे नक्कल कर, पण केस होणार नाही एवढी बदल. शंभर जणांच्या ऑर्केस्ट्राने वाजवलेली ती सुरावट मी की-बोर्डवर उतरवतो आणि तुम्ही नाराज होता की आवाज "छोटा" आला. 'सैराट'साठी अजय-अतुल लॉस एंजेलिसच्या सोनी स्कोअरिंग स्टेजवर गेले होते, हे आता सगळ्यांना माहीत आहे. त्यानंतर प्रत्येक मीटिंगमध्ये 'सैराट'सारखं भव्य हवं असतं. देऊ की! त्या भव्यतेसाठी बजेटमध्ये सुरुवातीलाच एक ओळ लिहिलेली असते, तेवढी तुमच्या बजेटमध्ये दाखवा.

कुणीतरी हमखास 'पथेर पांचाली' काढतो. "रविशंकरांनी एका रात्रीत केलं होतं!" खरं आहे, 1955 च्या त्या चित्रपटाचं बरंचसं संगीत त्यांनी एका बैठकीत, रात्रभर जागून केलं. पण पलीकडे कोण बसलं होतं ते बघा. सत्यजित राय यांना आपल्या चित्रपटात कुठे काय ऐकू यायला हवं ते ठाऊक होतं. हरिहर परत येतो, मुलगी दुर्गा गेल्याचं ठाऊक नसताना तिच्यासाठी आणलेली साडी दाखवतो आणि तिची आई सर्वजया कोसळते. सर्वजयाचा आक्रोश आपल्याला ऐकू येतच नाही. त्याच्या जागी तारशहनाई हे गजाने वाजवायचं तंतुवाद्य आहे, दक्षिणामोहन टागोर यांनी वाजवलेली. माणसाचा आवाज काढून घेऊन तिथे वाद्य ठेवायचं, हे धाडस एका रात्रीतल्या घाईने येत नाही, त्यामागे दिग्दर्शकाची काही वर्षं असतात. वर रात्र संपल्यावर ज्या जागा राहिल्या त्यांतल्या काहींसाठी छायालेखक सुब्रत मित्र यांनी स्वतः सतार वाजवली. तुमचा कॅमेरामन सतार वाजवत असेल तर मीही एका रात्रीत आटपतो.

आता वादकांबद्दल. आपल्याकडे जी वाद्यं आहेत ती तयार सॅम्पलमध्ये, म्हणजे संगणकात साठवलेल्या आवाजांत, धड मिळत नाहीत. मिळतात ती कुणीतरी परदेशात एकेक ठोका सुटा रेकॉर्ड करून ठेवलेली. चौंडक्याची तार वाजवताना ओढली-सोडली की स्वर जो खालीवर घसरतो तो सुट्या ठोक्यात कुठून येणार? तारपा, पावरी, संबळ, दिमडी, गोव्याचं घुमट, सगळ्यांची हीच कथा. ती माणूस वाजवतो तेव्हाच वाजतात.

हलगीचं सांगतो. चामड्याची हलगी वातानुकूलित स्टुडिओत थोड्या वेळात उतरते, कडक आवाज जाऊन भद बोलायला लागते. मग वादक ती घेऊन खाली जातो, वॉचमनच्या खोलीमागे वर्तमानपत्रं पेटवतो, हलगी धगीवर धरून फिरवत राहतो, बोटाने टिचकी मारून बघतो, पुन्हा धरतो. चढली की धावत वर येतो आणि चार टेक देतो. पुन्हा खाली. स्टुडिओचं भाडं तासावर चालू आहे आणि तुमचा प्रॉडक्शन मॅनेजर दारात उभा राहून मला विचारतो, "हे फायबरच्या पानाचं घेतलं असतं तर?" घेता येतं, लग्नाच्या वरातीत चालतंही. पण तुमच्या चित्रपटात गावच्या जत्रेतली हलगी आहे, आणि साताऱ्याकडचा प्रेक्षक डोळे मिटून फरक सांगेल. शेकायचा वेळ धरून शिफ्ट बुक करायची, एवढंच. हे आधी ठरलं तर खर्च किरकोळ असतो, शेवटच्या दिवशी तो डोंगर वाटतो. "एआयवर होतं की आता" असंही हल्ली ऐकू येतं. करून बघा. मी ऐकलं आहे. जत्रा कुठल्या गावची ते त्याला कळत नाही.

आणि त्या वादकाचं नाव श्रेयनामावलीत घाला. यावर हुज्जत नको. मुंबईच्या स्टुडिओंत गोव्याच्या वादकांनी आणि वाद्यमेळ बांधणाऱ्या अरेंजरांनी हिंदी सिनेमाचं संगीत अक्षरशः उभं केलं. सेबॅस्टियन डिसोझा, फ्रँक फर्नांड, माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस. यातला शेवटचा माणूस लक्ष्मीकांत-प्यारेलाल जोडीतल्या प्यारेलाल यांचा व्हायोलिनचा गुरू. देशाला त्याचं नाव पाठ झालं ते 1977 च्या 'अमर अकबर अँथनी'तल्या एका विनोदी गाण्यामुळे, जे शिष्याने गुरूची आठवण म्हणून त्या नावावर बांधलं. पडद्यावर श्रेय म्हणून नव्हे. तुमच्या नामावलीत चहावाल्यापासून व्हॅनिटीच्या ड्रायव्हरपर्यंत सगळ्यांची नावं असतात, असायलाच हवीत. तिथे हलगी वाजवणाऱ्याचं आणि सारंगीवाल्या बुवांचं नाव बसायला किती सेकंद लागतात?

शेवटी करारपत्र. मी वकील नाही, पण माझ्या सहीचा कागद वाचायला शिकलो आहे. तुमच्या ऑफिसमधून येणारा मसुदा बहुधा इंग्रजीत असतो आणि त्यात मी माझे सगळे हक्क अखिल विश्वात, आज अस्तित्वात असलेल्या आणि पुढे शोध लागणाऱ्या सर्व माध्यमांसाठी, कायमचे, एकरकमी सोडून दिलेले असतात. अखिल विश्व हे मी वाढवून सांगत नाही, तसं खरंच लिहिलेलं असतं. मंगळावर सिनेमा लागला तरी माझा दावा नाही.

मात्र 2012 साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली आहे. त्याआधी 1977 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालामुळे चित्रपटासाठी केलेल्या संगीताचे हक्क बहुतेक निर्मात्याकडेच जात. दुरुस्तीनंतरही तुम्ही हक्क घेऊ शकता, पण थिएटरमधल्या प्रदर्शनाखेरीज इतर वापराची जी रॉयल्टी असते तिच्यात संगीतकाराचा समान वाटा आहे. तो सोडून देण्याचा करार मी सही केला तरी चालत नाही. वारसाला किंवा कॉपीराइट सोसायटीला, म्हणजे रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेला, तेवढा देता येतो. आणि कायद्याच्या लेखी संगीत म्हणजे फक्त गाणं नव्हे. शब्द नसलेली, पडद्यामागे वाजणारी, टोपीत कागद ठेवताना धरलेली सारंगीही त्यात येते.

यात तुमचं नुकसान काय, हे मला अजून कुणी समजावून दिलेलं नाही. थिएटरच्या गल्ल्याला हात लागत नाही. टीव्हीवर चित्रपट लागला, प्लॅटफॉर्मवर गेला, तर वापराचे पैसे देणारा दुसराच असतो. ते माझ्यापर्यंत पोचायला तुमच्याकडून लागतो तो एक कागद, क्यू शीट. कुठला तुकडा, कोणाचा, किती मिनिटं-सेकंद, एवढं लिहिलेलं. मी स्वतः भरून देतो. तुम्ही फक्त मास्टरबरोबर, म्हणजे चित्रपटाच्या अंतिम प्रतीबरोबर, तो पुढे पाठवा. माझ्या अनुभवात तो बहुतेकदा कुणाच्या तरी मेलमध्ये पडून राहतो, आणि चित्रपट दर दिवाळीला टीव्हीवर लागत राहतो.

तर येणाऱ्या मोसमात तुमच्यापैकी ज्यांचं शूट सुरू होतंय त्यांना सांगणं असं : पटकथा पक्की झाली की एक प्रत माझ्याकडे पाठवा. माझ्याकडे नको तर ज्याच्याकडून काम करून घ्यायचंय त्याच्याकडे पाठवा. लोकेशनला जाताना त्याला गाडीत एक जागा ठेवा, तो साउंड रेकॉर्डिस्टशेजारी बसेल, फार बोलणार नाही. बजेटच्या कागदावर पार्श्वसंगीताची ओळ वेगळी काढा आणि पाऊस आला तरी तिला हात लावू नका. वाचायचे पैसे मी घेत नाही. जेवण मात्र युनिटबरोबर, पहिल्या पंगतीला.

आपला,
एक पार्श्वसंगीतकार